गाय जगते किती आणि ठेवली जाते किती

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: आजोबांची खिलार गाय बावीस वर्षांची होऊन दावणीलाच गेली. वडिलांनी घेतलेली एचएफ (होल्स्टीन फ्रिजियन, विदेशी दुधाळ जात) मात्र चौथ्या वेतानंतर, म्हणजे चौथ्यांदा विल्यानंतर, सातव्या वर्षीच दलालाच्या टेम्पोत चढली. मग गायीचं खरं आयुष्य किती? आणि आता तुम्ही पाच संकरित कालवडी आणून मुक्त संचार गोठा (गायी न बांधता मोकळ्या ठेवायचा) करताय, तर हिशेबात एका गायीची किती वर्षं धरायची?

मी चौतीस वर्षं पशुवैद्यकीय दवाखान्यांत काढली. सुरुवात नगरकडच्या अकोले तालुक्याच्या डोंगरात, मधली वर्षं सोलापूरकडच्या दुष्काळी पट्ट्यात आणि शेवटची बारा दूधपट्ट्यात. तिन्हीकडे गायी पाहिल्या, तिन्हीकडे त्यांची वयं वेगळी पाहिली. त्यातून एक गोष्ट पक्की कळली. गायीचं शरीर वीस वर्षं चालेल असं घडलेलं असतं, पण ती किती वर्षं गोठ्यात राहणार हे तिचं शरीर फार थोड्या वेळा ठरवतं. ते मालकाची वही ठरवते, चारा ठरवतो, कधी कायदा ठरवतो. म्हणून 'सरासरी आयुष्य' असा एक आकडा सांगणाऱ्यावर विश्वास ठेवू नका. आजोबांची गाय जगली. वडिलांची गाय ठेवली नाही. हे दोन वेगळे हिशेब आहेत.

शरीराचा हिशेब आधी सांगतो, तो सोपा आहे. नीट खायला-प्यायला मिळालं, रोगराईतून वाचली आणि कुणी विकली नाही, तर गाय पंधरा ते वीस वर्षं सहज जगते. बावीस-चोविसाव्या वर्षापर्यंत गेलेल्या दोन-चार मी स्वतः पाहिल्यात. नोंद झालेल्यांत सगळ्यांत म्हातारी गाय आयर्लंडमधली 'बिग बर्था'. १७ मार्च १९४५ चा जन्म आणि ३१ डिसेंबर १९९३ ला मृत्यू, म्हणजे एकोणपन्नासाला तीन महिने कमी. तिनं एकोणचाळीस वासरं दिली. ती अपवाद आहे, तिच्यावरून हिशेब करायचा नसतो. पण 'विदेशी रक्त मुळातच कमी जगतं' असं पारावर कुणी ठासून सांगायला लागलं, की मी ही बर्था काढतो. ती युरोपातलीच गाय होती.

आता आजोबांच्या खिलारचं पाहू. खिलार ही शेतीकामाच्या बैलांसाठी जोपासलेली जात. गाय वासराचं भागवून दोन-तीन लिटर दूध देणार, तेही सहा-सात महिने. पहिल्यांदा विते ती पावणेचार-चार वर्षांची झाल्यावर. पुढे दोन वेतांत सोळा-सतरा महिने जातात. पहिलं वेत पंचेचाळिसाव्या महिन्यात आणि पुढे दर सोळा महिन्यांनी एक असं धरलं, तर दहावं वेत येईपर्यंत तिला पावणेसोळा वर्षं झालेली असतात. या सगळ्या काळात तिच्या अंगावर ताण असा नाहीच. दिवसभर माळावर चालते, त्यामुळे खुरं आपोआप झिजतात, पचन ठीक राहतं. उन्हात चरते पण धापत नाही. गोचीड लागतात, पण त्यांच्यापासून होणारा थायलेरियाचा ताप तिला एचएफसारखा लोळवत नाही. आणि सगळ्यांत महत्त्वाचं म्हणजे आजोबांना ती दुधासाठी नकोच होती. त्यांना गोऱ्हे हवे होते, शेण हवं होतं. चौदाव्या वर्षी ती वेतं द्यायची थांबली असेल तरी तिचा वेगळा खर्च कुणाच्या डोळ्यांवर येत नव्हता. कडबा घरचा, माळ गावचा, राखायला घरातलं पोर. म्हातारी गाय तेव्हा फुकट सांभाळता यायची. आज गायरान अतिक्रमणात गेलंय, पोर शाळेत गेलंय आणि कडब्याची पेंढी विकत घ्यावी लागते. तीच खिलार आज तुमच्या दावणीला बावीस वर्षं राहील का, हे मनाशी प्रामाणिकपणे विचारा.

एक सावधगिरी मात्र इथेच सांगतो. जुन्या गायी खूप जगायच्या हे आपल्याला आठवतं, कारण जगलेल्याच लक्षात राहतात. १९७२ च्या दुष्काळात मी शाळेत होतो. आमच्या गावात ओढ्याच्या काठी पडलेली जनावरं मला अजून दिसतात. त्यात वासरं आणि म्हाताऱ्या गायी जास्त होत्या. अकोल्याच्या डांगी मुलखात नोकरीला गेलो तेव्हा पाहिलं, की डांगी गाय धो धो पावसात उघड्यावर उभी राहून अठरा-वीस वर्षं काढते, हे खरं. पण तिच्या पाठची निम्मीअधिक वासरं बिबट्या, जंत, हगवण आणि आषाढातली उपासमार यांत जायची. मोकाट चराईवर गाय दीर्घायुषी होते असं म्हणण्यापेक्षा, चिवट तेवढी उरते असं म्हणा. कोकणातल्या कपिलेचीही हीच कथा. लहानखुरी, काटक, मिळेल ते खाणारी, म्हातारी होईपर्यंत धडधाकट. पण दोन वेतांत दोन-दोन वर्षं घालवणारी.

बैलाचा हिशेब आणखी वेगळा. तीन-साडेतीन वर्षांचा झाला की जुवाखाली जातो आणि नीट वापरला तर बाराव्या-चौदाव्या वर्षापर्यंत कामाचा असतो. कोरडवाहू शेतीतला बैल वर्षातले फार तर तीन महिने जोरात राबतो, बाकी उभाच. तो टिकतो. ऊसतोडीच्या गाडीचा बैल हंगामभर रात्रंदिवस ओझ्याखाली असतो. गुडघे, खांदा आणि खुरं दहा वर्षांच्या आतच उत्तर देतात. खांदेसूज घेऊन आलेला बैल 'उद्या फेरी आहे, आजच इंजेक्शन द्या' म्हणून माझ्यापुढे उभा केलेला किती वेळा पाहिला, मोजदाद नाही. शिंगाचा कॅन्सर हाही आपल्याकडे बैलांचाच जास्त. एक शिंग सैल लागायला लागलं, बैल डोकं एका बाजूला धरायला लागला, नाकातून रक्त आलं, तर त्याच आठवड्यात डॉक्टरला दाखवा. वेळेत शिंग काढलं तर बैल पुढेही काम करू शकतो.

आणि मग कायदा. महाराष्ट्रात गायीची कत्तल १९७६ च्या कायद्यानं बंद झाली. बैल आणि वळूंना त्यात दाखला घेऊन कत्तलीची वाट होती, ती २०१५ च्या दुरुस्तीनं बंद झाली. या कायद्याच्या बाजूनं किंवा विरोधात मी इथे बोलत नाही. आयुष्यावर काय परिणाम झाला एवढंच सांगतो. पूर्वी थकलेला बैल विकून आलेल्या पैशात भर घालून शेतकरी नवा गोऱ्हा घ्यायचा. ते पैसे येणं थांबलं. ज्याच्याकडे चारा आहे त्याचा बैल आता दावणीलाच म्हातारा होऊन मरतो, सोळा-सतरा वर्षांचा होऊन. ज्याच्याकडे नाही, त्याचा रात्रीतून सुटतो. २०१९ च्या पशुगणनेत देशभरात पन्नास लाखांवर मोकाट गुरं मोजली गेली. मोकाट गुराचं आयुष्य फार नसतं. रस्ता, दुसऱ्याच्या शेतातली काठी आणि प्लास्टिक. एका शहरी गायीचं पोट उघडून मी तीस किलोच्या वर पिशव्या काढल्या होत्या. त्यात खिळे होते, नाणी होती आणि एक अख्खी नायलॉनची दोरी. ती गाय दातांवरून सहा वर्षांची होती.

कायदा उलट्या बाजूनंही वय ठरवतो, हे सांगितलं तर तुम्हाला गंमत वाटेल. ब्रिटनमध्ये 'वेड्या गाईच्या रोगा'नंतर १९९६ ते २००५ या काळात तीस महिन्यांहून मोठ्या गुराचं मांस माणसाच्या खाण्यात येऊ द्यायचं नाही असा नियम होता. साहजिकच मांसासाठी पाळलेला गोऱ्हा तीस महिन्यांच्या आत संपवायचा. तसंही जिथे गुरं मांसासाठी पाळतात तिथे दीड-दोन वर्षांपलीकडे ती सहसा राहत नाहीत. ज्या प्राण्याचं शरीर वीस वर्षांचं, त्याची जेमतेम दहावा हिस्सा वर्षं होतात, आणि त्याला आजार काहीच झालेला नसतो.

दुधाच्या गायीकडे येऊ, कारण तुमचं काम तिच्याशीच आहे.

अमेरिकेत होल्स्टीन गाय वर्षाला सरासरी दहा हजार लिटरच्या वर दूध देते आणि तीनेक वेतांत, पाच वर्षांच्या आसपास कळपाबाहेर जाते. मरते म्हणून नव्हे. तिच्या जागी उभी राहायला कालवड तयार असते म्हणून. न्यूझीलंडमध्ये गायी वर्षभर गवतावर असतात, दूध कमी, पण गाय चार-पाच वेतं टिकते. तिथे तिला बाहेर काढण्याचं मोठं कारण वेगळंच आहे. सगळ्या गायी गवत फुटण्याच्या वेळेला, दोन-अडीच महिन्यांत विल्या पाहिजेत असं त्यांचं वेळापत्रक. त्या मुदतीत गाभण राहिली नाही तर निरोगी गायही जाते. आपल्याकडे हे दोन्ही नमुने चालत नाहीत. आपला मालक गाय 'अजून एक वेत बघू' करत ठेवतो, पण त्या वेतासाठी तिला जे लागतं ते देत नाही. त्यामुळे आपली संकरित गाय ना अमेरिकेसारखी पिळून निघते, ना गवतावरच्या गायीसारखी टिकते.

'संकरित गाय लवकर संपते' या तक्रारीत किती खरं आहे? थोडं आहे. २५ अंशांच्या वर तापमान गेलं की जास्त दूध देणारी एचएफ खाणं कमी करायला लागते, आणि आपल्याकडे दुपारचं तापमान त्याच्या वर नसतं असे महिने थोडेच. गोचीड ताप तिला मारतो. पण १९६७ मध्ये मणिभाई देसाईंनी उरुळीकांचनला 'बाएफ' ही संस्था सुरू केली, त्यातून गावोगावी संकरित पैदास पोचली, तेव्हापासूनच्या पिढ्यांत मी दहा-दहा वेतं दिलेल्या जर्सी संकरित गायी पाहिल्या आहेत. राहुरीच्या कृषी विद्यापीठाची 'फुले त्रिवेणी' घ्या. एचएफ, जर्सी आणि गीर अशा तिघींचं रक्त तिच्यात आहे, ते आपल्या हवेला टिकणारी दुधाळ गाय हवी म्हणूनच. तुमच्या भागासाठी निम्म्याच्या आसपास विदेशी रक्त बरं, असं माझं मत आहे. ८७ टक्के एचएफ आणून तिला पत्र्याच्या बुटक्या शेडमध्ये बांधणाऱ्यानं जातीला दोष देऊ नये.

तुमच्या वडिलांच्या गायीचं तुम्ही लिहिलंय ते मी दोनदा वाचलं. तिसऱ्या वेताला विल्यावर दुसऱ्या दिवशी बसली, सलाईन लावून उठली. चौथ्या वेताला पुन्हा बसली, वार अडकली, कासेला दगडी (कासेची सूज) झाली, एक सड गेला, नंतर चार वेळा उलटली (भरवूनही गाभण राहिली नाही), मग विकली. हे चार वेगळे आजार नाहीत. ही एकच घसरगुंडी आहे आणि तिची सुरुवात विण्याच्या दोन महिने आधी झाली.

ती कशी, ते सांगतो. गाय आटली की आपल्याकडे पहिलं काय होतं? खुराक बंद. 'दूध नाही तर पेंड कशाला?' मी हे वाक्य तीन जिल्ह्यांत, तीन बोलींत ऐकलंय. आणि नेमक्या त्याच काळात पोटातलं वासरू सगळ्यांत जास्त वाढत असतं, कास नव्यानं भरत असते. गाय वजनानं उतरते. मग सातव्या-आठव्या दिवसावर विणं आलं की शेजारी सांगतो, कॅल्शियमच्या बाटल्या पाजा, लसूणघास भरपूर टाका. हे उलटं औषध आहे. गायीच्या रक्तातल्या पातळ भागात एकूण कॅल्शियम असतं जेमतेम तीन ग्रॅम. विल्यावर पहिल्या दिवशी दहा लिटर चीक काढला तर त्यात वीस ग्रॅमहून जास्त कॅल्शियम निघून जातं. ही तूट भरायची म्हणजे हाडांतून कॅल्शियम झपाट्यानं सुटायला हवं. ती यंत्रणा विण्याआधी जागी व्हावी लागते. विण्यापूर्वी तुम्ही बाटल्यांनी आणि लसूणघासानं कॅल्शियम भरपूर पुरवलं, की ती यंत्रणा झोपून राहते, आणि विल्यावर एकदम गरज पडली की गाय बसते. पहिल्या वेताला हे सहसा होत नाही, कारण तरुण हाडं चटकन कॅल्शियम सोडतात. तिसऱ्या वेतापासून होतं. तुमच्याकडेही तिसऱ्यालाच झालं ना?

पुढचं आपोआप घडतं. कॅल्शियम कमी झालं की स्नायू ढिले पडतात. गर्भाशय नीट आवळत नाही, वार अडकते. सडाचं तोंड नीट मिटत नाही आणि बसलेल्या गायीची कास शेणात असते, म्हणून दगडी. गर्भाशयात घाण राहिली म्हणून ती माजावर आली तरी गर्भ टिकेना. चार वेळा उलटलेली, तीन सडी, आटत चाललेली गाय कोण ठेवणार? वडिलांनी हिशेबानं बरोबर केलं. पण ती गाय सातव्या वर्षी म्हातारी झाली नव्हती. संकरित गाय आपलं सगळ्यांत जास्त दूध साधारण तिसऱ्या ते पाचव्या वेताला देते. कमाईचा काळ सुरू झाला आणि तिला विकावं लागलं.

म्हणून आयुष्य वाढवायचं असेल तर वर्षभर सारखी काळजी घ्या असं मी सांगत नाही. तेवढा वेळ कुणालाच नसतो. दोन फटींतून आयुष्य गळतं, त्या बुजवा. एक विण्याआधीचे साठ दिवस आणि नंतरचे तीस. दुसरी फट म्हणजे वासराचे पहिले तीन महिने.

पहिल्या फटीत करायचं ते असं. गाय साठ दिवस आधी आटवाच. दूध सुरू आहे म्हणून गाभणपणाच्या सातव्या महिन्यापलीकडे पिळत राहू नका. आटवताना प्रत्येक सडात सोडायचं औषध डॉक्टरांकडून सोडून घ्या, म्हणजे दगडीचं बी त्याच वेळी मरतं. भाकड काळात खुराक चालू ठेवा, फक्त गाय लठ्ठ होऊ देऊ नका. लठ्ठ गाय विल्यावर खात नाही आणि स्वतःची चरबी जाळून आजारी पडते. शेवटच्या तीन आठवड्यांत लसूणघास थांबवा, कडबा, गवत आणि मक्याचा मूरघास (हवाबंद मुरवलेला चारा) ठेवा, कॅल्शियमच्या बाटल्या फडताळात ठेवा. त्या विल्यावर लागतील, तेव्हा द्या. शेवटच्या पंधरवड्यात खुराक हळूहळू वाढवा, म्हणजे विल्यावर एकदम सहा किलो पेंड घालून पोटात आंब होणार नाही. विल्यावर पहिल्या दिवशी सगळी कास रिकामी करू नका, विशेषतः पूर्वी बसलेल्या गायीची. आणि विल्यावर कोमट पाणी भरपूर, ती पिईल तेवढं. इतकं केलं तर तुमच्या वडिलांच्या गायीसारख्या गायी सहसा वाचतात. मी सेवेतल्या शेवटच्या काळात औषधाची पिशवी घेऊन जेवढ्या गायी उठवल्या, त्याहून जास्त या एका सल्ल्यानं बसायच्या वाचल्या असतील.

दुसरी फट बोलायला अवघड आहे. गायीच्या आयुष्याची गोष्ट निघाली की आपण मोठ्या गायींचीच वयं मोजतो. संकरित गायीला गोऱ्हा झाला की त्याचं काय होतं, हे तुम्हालाही ठाऊक आहे आणि मलाही. त्याला चीक पुरेसा मिळत नाही, आईपासून लांब बांधला जातो, आणि आठ-पंधरा दिवसांत हगवणीनं 'मेला' असं सांगतात. तो मोजला तर आपल्या दूधधंद्यातलं सरासरी आयुष्य कुठे येईल याचा विचार करून पाहा. निदान यावर आता एक मार्ग आहे. लिंगनिर्धारित वीर्यमात्रा वापरली तर दहातल्या साधारण नऊ वेळा कालवडच होते. ज्या गायींना पहिल्या-दुसऱ्या वेळेत गर्भ राहतो त्यांनाच ती वापरा, वारंवार उलटणाऱ्या गायीवर वाया घालवू नका. आणि जे वासरू झालं, गोऱ्हा असो की कालवड, त्याला पहिल्या दोन तासांत दोन लिटर चीक पोटात गेलाच पाहिजे. चिकातली रोगप्रतिकारक द्रव्यं वासराच्या आतड्यातून रक्तात जाण्याचा दरवाजा एका दिवसात बंद होतो. २०२२ मध्ये लम्पीची (अंगावर गाठी येणाऱ्या त्वचारोगाची) साथ आली तेव्हा मोठ्या गायी गाठी घेऊन का होईना उभ्या राहत होत्या. लहान वासरं मात्र आमच्या हातातून जात होती.

मुक्त संचार गोठ्याचा निर्णय चांगला घेतलाय. बांधलेली गाय सिमेंटवर दिवसरात्र उभी राहिली की आधी खुरं वाढतात, मग गुडघे सुजतात, मग ती बसायला घाबरते. गायीला दिवसात दहा-बारा तास निवांत बसायला मिळालं पाहिजे. मोकळ्या गायीचा माजही चटकन दिसतो, त्यानं वेतांतलं अंतर कमी होतं. पण एक लक्षात ठेवा. मोकळा गोठा म्हणजे पावसाळ्यात चिखलाचा गोठा करू नका. मुरूम भरा, उतार काढा, सावली पूर्व-पश्चिम लांबीची करा आणि खुरं वर्षातून दोनदा तासून घ्या. माळावर चालणाऱ्या खिलारीसारखी ती इथे झिजणार नाहीत. शेड बांधून झाल्यावर तारेचे तुकडे आणि खिळे लोहचुंबक फिरवून वेचा. गाय चाऱ्यातलं निवडून खात नाही. तार पोटातून काळजाकडे सरकली की गाय वाचत नाही, आणि नव्या बांधलेल्या गोठ्यांतच हे मी जास्त पाहिलंय.

आता तुमच्या वहीसाठी आकडे. कालवड तिसाव्या महिन्यात विली आणि पुढे दर चौदा महिन्यांनी वेत आलं, तर पाचवं वेत शहाऐंशीव्या महिन्यात येतं. त्याचं दहा महिने दूध धरा, म्हणजे ती आठ वर्षांची होते. आठ वर्षं, पाच वेतं, हे तुम्ही धरा. जमण्यासारखं आहे. वेतांतलं अंतर अठरा महिन्यांवर गेलं, तर त्याच आठ वर्षांत चारच वेतं पदरात पडतात. खाणं मात्र तेवढंच लागतं. पहिल्या वेतात कालवडीला वाढवण्याचा खर्चही निघत नाही, दुसऱ्यात तो निघतो आणि तिसऱ्यापासून गाय तुम्हाला कमावून द्यायला लागते. म्हणजे तिसऱ्या वेतालाच गमावलेली गाय फुकट गेली. विमा कंपन्यासुद्धा दुभती गाय साधारण दहा वर्षांपर्यंत आणि बैल बारापर्यंतच घेतात. त्यांचा हिशेब भावनेवर चालत नाही. काही गायी तुमच्याकडे आठ-नऊ वेतं देतील, त्यांना बोनस समजा आणि त्यांच्या कालवडी विकू नका.

पाच वेतांनंतरचं काय, हेही आताच ठरवा, कारण गाय भाकड झाल्यावर ठरवायला बसलं की भांडणं होतात. दहा-बारा वर्षांची गाय निवांत ठेवायची असेल तर तिला फार लागत नाही. पण तिचे दात पाहा. समोरचे दात झिजून खुंट झाले, मधे फटी पडल्या, की ती कडबा चघळून बोळा टाकते, आणि लोक म्हणतात भूक मेली. भूक मेलेली नसते. चावता येत नसतं. बारीक कुट्टी, भिजवलेला भुसा, थोडी भिजवलेली पेंड द्या, ती अजून चार वर्षं काढेल. बसलेली म्हातारी गाय उठवताना शेपटीला ओढू नका. पोटाखालून रुंद पट्टा घाला. गोशाळेत द्यायची तर आधी जाऊन तिथल्या गायींच्या पाठी पाहा, फलक वाचू नका. फासळ्या मोजता येत असतील तर परत या.

कालवडी घ्यायला जाल तेव्हा वयावर फसू नका. व्यापारी शिंगं तासून, तेल लावून त्यांवरची वय सांगणारी वळी पुसतात, पण दात पुसता येत नाहीत. कायमचे दोन दात आलेली जवळपास दोन-सव्वादोन वर्षांची, चार दाती तीनच्या आसपास, आठ दात जुळलेली साडेचार ते पाचची. संकरितात हे थोडं आधी येतं. पुढच्या वर्षभरात विणारी कालवड म्हणून दाखवलेली चार दाती निघाली आणि अजून गाभण नसेल, तर ती उलटणारी असण्याची शक्यता जास्त. कानातल्या बिल्ल्यावरचा बारा आकडी नंबर घ्या, जन्मतारीख आणि लसीकरणाची नोंद दवाखान्यात जाऊन जुळवून पाहा. दुधाचा आकडा विक्रेता सांगेलच, तो अर्धा धरा. त्याऐवजी कालवडीची आई कुठे आहे ते विचारा. आई त्याच गोठ्यात सहाव्या-सातव्या वेताला उभी असेल, चारही सड चालू असतील आणि खुरांवर नीट चालत असेल, तर दोन-चार हजार जास्त पडले तरी ती कालवड घ्या.